कू चीची भुयारं: बेन दिन्हला जावं की बेन डुओकला?

व्हिएतनामच्या हो चि मिन्ह सिटीत, म्हणजे पूर्वीच्या साइगॉनमध्ये, कुठल्याही हॉटेलच्या टेबलावर 'कू ची टनेल्स, हाफ डे' असं पत्रक पडलेलं असतं. कू ची हा शहराबाहेरचा भाग, व्हिएतनाम युद्धात अमेरिकेविरुद्ध लढलेल्या गनिमांच्या भुयारांसाठी प्रसिद्ध. पत्रकात सहसा लिहिलेलं नसतं ते हे, की कू चीत लोकांसाठी खुली असलेली ठिकाणं दोन आहेत. बेन दिन्ह शहरापासून साधारण ५० किलोमीटरवर, तर बेन डुओक त्याच्याही पुढे १५-२० किलोमीटर. सहल काढणाऱ्यांना जवळचं ठिकाण परवडतं, म्हणून अर्ध्या दिवसाच्या बहुतेक गाड्या बेन दिन्हला जातात. पैसे भरण्याआधी 'दोन्हींपैकी कुठे नेणार?' एवढा एक प्रश्न विचारला तरी सहलीचा दर्जा कळतो. उत्तर 'दोन्ही सारखीच आहेत' असं आलं, तर दुसऱ्या टेबलाकडे वळावं.

सारखी ती नाहीतच. युद्धकाळात बेन दिन्हला कू ची जिल्ह्याच्या कम्युनिस्ट पक्षसमितीचा तळ होता. बेन डुओकला साइगॉन-गिया दिन्ह विभागाची समिती आणि तिचं लष्करी मुख्यालय होतं. एक तालुका कचेरी, तर दुसरी दक्षिण व्हिएतनामच्या तेव्हाच्या राजधानीवरच्या, म्हणजे साइगॉनवरच्या हल्ल्यांची आखणी जिथे झाली ती जागा. भुयारात शिरून फोटो काढायचा आणि दुपारी जेवायला शहरात परतायचं असेल, तर बेन दिन्ह पुरेसं आहे. ही भुयारं खणणारी आणि लढवणारी संघटना नेमकी काय होती हे समजून घ्यायचं असेल, तर बेन डुओकसाठी पूर्ण दिवस काढा. मुंबईहून थेट विमानं सुरू झाल्यापासून मराठी प्रवाशांची इथली गर्दी चांगलीच वाढली आहे. एवढं लांब येऊन दोन तास वाचवण्यासाठी अपुरं ठिकाण पाहण्यात अर्थ नाही.

मात्र दोन्हीकडे एक उणीव आहे आणि ती मोठी आहे. इथे भुयार दाखवतात, संघटनेचा इतिहास सांगत नाहीत. सुरुवातीला एका झोपडीवजा सभागृहात जुनी कृष्णधवल फिल्म लावतात. ती युद्धकाळातली प्रचारफिल्म आहे, तिच्यात गावकरी, बंदुका आणि शौर्यपदकं आहेत; हे लोक कोण आणि लढायला का उठले, हे नाही. त्यानंतर मार्गदर्शक थेट सापळ्यांकडे नेतो. म्हणून थोडी तयारी घरूनच करून यावी लागते.

फ्रेंच राजवट संपवणाऱ्या १९५४ च्या जिनिव्हा करारानं व्हिएतनामचे १७ व्या अक्षांशावर तात्पुरते दोन भाग झाले. कराराच्या पालनावर देखरेख करणाऱ्या आंतरराष्ट्रीय आयोगाचं अध्यक्षपद भारताकडे होतं, सोबत पोलंड आणि कॅनडा. १९५६ च्या जुलैत दोन्ही भागांत मिळून निवडणूक व्हायची होती. दक्षिणेच्या न्गो दिन्ह दिएम सरकारनं ती घेतली नाही, उलट फ्रेंचांशी लढलेल्या जुन्या कार्यकर्त्यांची धरपकड सुरू केली. १९५९ च्या '१०/५९' कायद्यानं फिरत्या लष्करी न्यायालयांना मृत्युदंडाचे अधिकार दिले. त्याच वर्षाच्या सुरुवातीला उत्तरेच्या राजधानीतल्या, हनोईतल्या कम्युनिस्ट पक्षनेतृत्वानं दक्षिणेत शस्त्र उचलायला परवानगी देणारा ठराव केला होता. जानेवारी १९६० मध्ये मेकाँगच्या मुखाजवळच्या बेन त्रे प्रांतात उठाव झाला. त्याचं नेतृत्व करणाऱ्या न्गुयेन थी दिन्ह या बाई पुढे मुक्तिसेनेच्या उपसेनापती झाल्या. २० डिसेंबर १९६० रोजी कंबोडियाच्या सीमेलगत ताय निन्ह प्रांतातल्या जंगलात राष्ट्रीय मुक्ती आघाडीची स्थापना झाली. अध्यक्षपदी आलेले न्गुयेन हू थो पेशानं वकील होते. जग या संघटनेला 'व्हिएतकाँग' म्हणून ओळखतं, पण हे नाव त्यांच्या शत्रूंनी दिलेलं. इथले मार्गदर्शक ते पर्यटकांच्या सोयीसाठीच वापरतात.

आघाडीची सेना तीन थरांची होती. हे लक्षात ठेवलं, तर कू चीत दिसणाऱ्या निम्म्या गोष्टींचा उलगडा होतो. सर्वात खाली गावातले गनिमी: दिवसा शेतात, रात्री पहाऱ्यावर, हातात अनेकदा घरी बनवलेली शस्त्रं. त्यांच्यावर जिल्ह्याच्या आणि प्रांताच्या तुकड्या. सर्वात वर पूर्णवेळ मुख्य सेना, जिची स्वतःची रेजिमेंटं आणि १९६४ पासून डिव्हिजनही होती. जागोजागी उभे केलेले काळ्या सदऱ्याचे, गळ्यात चौकड्यांचा रुमाल बांधलेले पुतळे पहिल्या थराचे आहेत. भुयारं खणण्याचं, राखण्याचं आणि त्यांत माणसं लपवण्याचं काम या थरानं केलं. आज सापळे आणि बंदुकांच्या गर्दीत हाच थर दिसेनासा होतो.

जानेवारी १९६३ मध्ये मी थो शहराजवळच्या आप बाक इथे साडेतीनशेच्या आसपास गनिमांनी हेलिकॉप्टरं आणि चिलखती गाड्या घेऊन आलेल्या, चौपट संख्येच्या सरकारी फौजेला दिवसभर थोपवलं. पाच हेलिकॉप्टरं पडली. आघाडी ही नुसती जंगलातली टोळी नाही, हे त्या दिवशी दक्षिणेच्या सरकारला पाठबळ देणाऱ्या वॉशिंग्टनलाही कळलं.

आता जमिनीकडे येऊ, कारण कू चीचं खरं नवल इथल्या मातीत आहे. कोकणातल्या माणसाला ती लगेच ओळखू येईल: जांभ्याच्या जातीची, लोहयुक्त, चिकण. पावसाळ्यात कुदळ सहज आत जाते आणि हवा लागून वाळली की चिऱ्यासारखी कडक होते. चिरेखाणीत ताजा चिरा मऊ असतो आणि उन्हात पडला की पक्का होतो, तोच प्रकार. म्हणूनच इथे लाकडी टेकू न लावता भुयारं उभी राहिली. जमीन आसपासच्या भातखाचरांपेक्षा थोडी उंच, पाण्याची पातळी खोल, त्यामुळे आत पाणी भरत नव्हतं. साइगॉन नदीच्या खालच्या अंगाला, चिखलाच्या प्रदेशात हे जमलंच नसतं. बेन डुओकला एखादी उघडी कड दिसली, तर तिला हात लावून पाहा. सिमेंटचा गिलावा कुठे केला आहे आणि मूळ माती कुठे आहे, ते बोटांना कळतं.

खोदकामाला सुरुवात १९४८ च्या सुमारास, फ्रेंचांच्या काळात, तान फू त्रुंग आणि फुओक विन्ह आन या गावांत झाली. तेव्हा ती घराखालची सुटी बिळं होती: कागदपत्रं, शस्त्रं आणि एखाद-दुसरा माणूस लपवण्यापुरती. अडचण अशी, की बिळाला एकच तोंड. ते सापडलं की आतला माणूस संपला. म्हणून बिळं एकमेकांना जोडायला सुरुवात झाली, आधी घराला घर, मग वाडीला वाडी. १९६० च्या दशकात हे जाळं सुमारे २५० किलोमीटरचं झालं.

खणायची रीत साधी पण काटेकोर होती. ठरावीक अंतरावर विहिरीसारखे उभे खड्डे घ्यायचे. प्रत्येक खड्ड्यात माणूस उतरायचा आणि शेजारच्या खड्ड्याच्या दिशेनं आडवं खणत जायचा. दोघं जवळ आले की एकमेकांच्या कुदळीचा आवाज ऐकून दिशा सुधारायची. जोड झाली की बहुतेक उभे खड्डे बुजवायचे, काही हवेसाठी ठेवायचे. आखूड दांड्याची कुदळ आणि बांबूची टोपली, एवढीच अवजारं. खणण्यापेक्षा अवघड होतं ते माती लपवणं. ताज्या लाल मातीचा ढीग विमानातून लगेच दिसतो. ती बॉम्बच्या खड्ड्यांत, नदीत, नांगरलेल्या शेतात रातोरात जिरवावी लागे. पुढे बॉम्बचे खड्डेच इतके झाले, की माती टाकायला जागेची ददात उरली नाही.

भुयार सरळ कधीच नसे. दर थोड्या अंतरावर वळण, म्हणजे तोंडाशी झाडलेली गोळी किंवा टाकलेला हातबॉम्ब आतपर्यंत पोचू नये. थर तीन: पहिला जमिनीखाली सुमारे ३ मीटरवर, दुसरा ६ च्या आसपास, तिसरा ८ ते १० मीटरवर. एका थरातून दुसऱ्यात उतरायला झाकणाची झडप. काही ठिकाणी मोरीच्या वाकड्या नळीसारखी खोलगट जागा करून तिच्यात पाणी भरून ठेवत, त्यामुळे वरून सोडलेला वायू तिथेच अडे आणि माणूस मात्र बुडी मारून पलीकडे जाऊ शके. न्हाणीघराच्या नळाखालचा वाक पाहिलेल्या कुणालाही हे एका वाक्यात समजेल, पण सहलीत ते क्वचितच सांगितलं जातं. मार्गदर्शकाला विचारून घ्या. हवेची छिद्रं वारुळांच्या आड काढलेली असत. खरी वारुळं आणि बनावट वारुळं शेजारी शेजारी असल्यानं वरून फरक कळत नसे. कुत्रे वास काढू लागले तेव्हा छिद्रांपाशी तिखट पूड टाकली गेली. पुढे त्याहून सरस युक्ती निघाली: पकडलेला अमेरिकी साबण वापरायचा आणि त्यांच्याच सैनिकांचे कपडे छिद्राशी ठेवायचे. कुत्र्याला तो ओळखीचा, आपल्या माणसांचा वास वाटे.

जमिनीवरचं लाकडी झाकण दोन्ही ठिकाणी दाखवतात आणि हौशींना आत उतरवतात. मोजमाप जेमतेम ३० गुणिले ४० सेंटिमीटर. उतरताना दोन्ही हात वर करून झाकण डोक्यावर धरायचं, आधी खांदे तिरके घालायचे. पोट सुटलेला माणूस हमखास अडकतो तो बाहेर येताना, आत जाताना नव्हे. कारण वर येताना हात खाली राहतात आणि खांदे रुंदावतात. हात पुन्हा डोक्यावर घेतले की सुटतो. ओढाताण करू नका.

दोन्ही ठिकाणी सर्वात उत्तम मांडलेली वस्तू कुठली, तर चूल. फ्रेंचांविरुद्धच्या युद्धात ह्वांग काम नावाच्या सैनिकी आचाऱ्यानं ती घडवली आणि आजही ती त्याच्या नावानं ओळखली जाते. खड्ड्यात चूल, तिच्यापासून निघणारे लांब पाट, त्यांच्यावर फांद्या आणि ओली माती. धूर या पाटांतून जाताना निवतो, वाटेतल्या पोकळीत रेंगाळतो, आणि शेवटी जमिनीलगत विरळ धुक्यासारखा बाहेर पडतो. स्वयंपाक पहाटे उरकत, म्हणजे धूर आणि धुकं वेगळं ओळखू येऊ नये. पाटाची लांबी कमी पडली किंवा वरची माती सुकून भेगाळली की धूर एका जागी वर येई, आणि टेहळणी विमानाला तेवढं पुरे. चुलीजवळ पाच मिनिटं थांबा. पेटलेली असेल तर धूर कुठे बाहेर येतो ते आधी स्वतः शोधून पाहा.

फेरीच्या शेवटी बांबूच्या टेबलावर उकडलेला कसाव्हा मिळतो, सोबत दाणे-तीळ-मिठाचं भरड कूट आणि केवड्याच्या जातीच्या हिरव्या पानांचा चहा. हा कंद परका समजू नका. आपला साबुदाणा याच कंदाच्या पिठापासून होतो, आणि वर दाण्याचं कूट, म्हणजे उपासाच्या ताटाशी नातं जवळचं आहे. भातशेती बॉम्बनं आणि विषारी फवाऱ्यांनी नासली तेव्हा हा कंद मुख्य अन्न झाला, कारण तो जमिनीखाली राहतो आणि फारशी निगा मागत नाही. शाकाहारी माणसाला हे निर्धास्त खाता येतं. मात्र कंद गरमच खा. गार झाला की चिवट होतो आणि घशाला बसतो.

सापळ्यांच्या दालनात मार्गदर्शक सर्वात जास्त वेळ घालवतात, आणि आमच्या मते चुकीच्या गोष्टीवर. फिरती फळी, दाराला टांगलेली खिळ्यांची चौकट, पाय अडकवणारा खड्डा, असे सगळे प्रकार काठीनं चालवून दाखवतात. बघणारे हसतात, फोटो घेतात. हे सापळे जिवंत माणसाच्या पायासाठी होते, ही गोष्ट त्या पाच मिनिटांत हरवते. जखमी करण्यामागे हिशेब होता: एक जखमी उचलायला दोघं-तिघं लागतात, हेलिकॉप्टर बोलवावं लागतं आणि तुकडी तिथेच थांबते. तरीही अमेरिकी फौजेला बांबूच्या सुळ्यांपेक्षा कितीतरी अधिक महागात पडले ते सुरुंग. सुरुंगांची दारू यायची न फुटलेल्या अमेरिकी बॉम्बमधून. गावातल्या कार्यशाळेत बॉम्बचं कवच करवतीनं कापत, शेजारी बसलेला माणूस त्यावर सतत पाणी ओतत राही, म्हणजे पातं तापून ठिणगी पडू नये. आतली दारू सुरुंगात, लोखंड सापळ्यात, आणि टाकून दिलेल्या टायरच्या सपाता. कार्यशाळेच्या देखाव्यापाशी हे सगळं मांडलेलं आहे, पण गट तिथून झपाझप पुढे नेतात. मागे राहा. बेन दिन्हला उभा असलेला अमेरिकी एम-४१ रणगाडा १९७० मध्ये अशाच सुरुंगानं निकामी झाला, असं तिथली पाटी सांगते.

अमेरिकी बाजू इथे फक्त शत्रू म्हणून येते, म्हणून तीही थोडी माहीत हवी. जानेवारी १९६६ मध्ये सुमारे ८,००० अमेरिकी आणि ऑस्ट्रेलियन सैनिक 'क्रिम्प' मोहिमेत कू ची पट्ट्यातल्या हो बो जंगलात उतरले. ते शोधत होते नेमकं साइगॉन-गिया दिन्ह विभागाचं मुख्यालय. तोवर भुयार सापडलं की तोंडाशी धूर किंवा स्फोटकं टाकून पुढे जात. त्या मोहिमेत ऑस्ट्रेलियन इंजिनियर तुकडीनं पहिल्यांदा पद्धतशीरपणे आत माणसं पाठवली. त्यांतला कॉर्पोरल बॉब बाउटेल आत अडकून प्राणवायूअभावी मेला. पिस्तूल आणि विजेरी घेऊन एकट्यानं शिरणाऱ्या, शरीरानं लहान सैनिकांची 'टनेल रॅट', म्हणजे 'भुयारातले उंदीर', ही जात इथूनच पुढे तयार झाली. वर्षभरानं, जानेवारी १९६७ मध्ये 'सीडर फॉल्स' मोहिमेत ३०,००० च्या आसपास फौज आली. नदीपलीकडचं बेन सुक गाव रिकामं करून बुलडोझरनं सपाट केलं, सहा हजारांच्या आसपास माणसं विस्थापितांच्या छावण्यांत नेली. कागदपत्रांचे ढीग हाती लागले, मुख्यालय मात्र निसटलं. पुढच्याच वर्षी, ३१ जानेवारी १९६८ च्या पहाटे, तेतच्या, म्हणजे व्हिएतनामी नववर्षाच्या सणात साइगॉनवर हल्ला झाला. त्याची बरीच जुळवाजुळव याच पट्ट्यात झाली होती.

भुयारं कधीच हरली नाहीत, असा समज इथून सहज होतो. तो खरा नाही. १९६९ नंतर अमेरिकेच्या बी-५२ बॉम्बफेकी विमानांनी या पट्ट्यावर उशिरा फुटणारे बॉम्ब टाकले. ते जमिनीत खोल शिरून मग फुटत, आणि भुयारं लांबच लांब कोसळत गेली. जंगल मुळासकट उपटणारे भलेमोठे नांगर फिरले. १९७० पर्यंत जाळ्याचा मोठा भाग मोडला होता. आतलं जगणंही पत्रकांत दिसतं तसं मुळीच नव्हतं. मलेरियानं माणसं गोळ्यांइतकीच खच्ची केली, जंत जवळपास प्रत्येकाच्या पोटात, हवा कोंदट, दिवस दिवस अंधार. बॉम्बफेक लांबली की मेलेल्यांना भुयाराच्या भिंतीतच ठेवून वर माती थापावी लागे.

इथल्या सांगण्यात आणखी तीन गोष्टी गाळलेल्या असतात. पहिली, तेतच्या हल्ल्यांत आघाडीची दक्षिणेतली सेना इतकी कापली गेली, की त्यानंतर युद्धाचा भार मुख्यतः उत्तरेच्या नियमित सैन्यानं वाहिला. दुसरी, आघाडीनं गावोगावचे सरकारी मुखिया, शिक्षक, कर्मचारी यांच्या हत्या केल्या, आणि १९६८ मध्ये ह्वे शहर ताब्यात असताना मोठ्या संख्येनं नागरिकांना मारलं. नंतर तिथल्या सामूहिक कबरींतून २,८०० च्या आसपास प्रेतं निघाली. तिसरी, विजयानंतर आघाडी उरलीच नाही. १९६९ मध्ये तिनं हंगामी क्रांतिकारी सरकार स्थापलं, त्याच्या परराष्ट्रमंत्री न्गुयेन थी बिन्ह यांनी १९७३ च्या युद्धबंदीच्या पॅरिस करारावर सही केली. पण ३० एप्रिल १९७५ ला साइगॉन पडलं, २ जुलै १९७६ ला देश एक झाला आणि लगेच पुढच्या वर्षी आघाडी उत्तरेच्या पितृभूमी आघाडीत विलीन केली गेली. त्याच हंगामी सरकारचे न्यायमंत्री त्रुओंग न्हू तांग १९७८ मध्ये होडीतून देश सोडून गेले. दक्षिणेसाठी लढलेल्या दक्षिणेच्या लोकांचं पुढे काय झालं, हा प्रश्न कू चीत उभा राहिल्यावर मनात आल्याशिवाय राहत नाही. तो मार्गदर्शकाला विचारताना सौम्य शब्द वापरा. त्याच्या घरातली माणसं यांपैकी कुठल्याही बाजूला असू शकतात.

प्रत्यक्ष भुयारात जाताना काय होतं ते सांगतो. मूळ बोगदा दोन ते अडीच फूट रुंद आणि जेमतेम तीन फूट उंच. पर्यटकांचे टप्पे रुंद केलेले आहेत, काही ठिकाणी दिवेही आहेत, तरी ताठ उभं राहता येत नाही. एकूण टप्पा १०० मीटरच्या आसपास, मध्ये थोड्या थोड्या अंतरावर बाहेर पडायच्या वाटा. बहुतेक लोक पहिल्या वाटेलाच बाहेर येतात, आणि त्यात लाज वाटण्यासारखं काही नाही. त्रास दम लागण्याचा कमी, मांड्यांचा जास्त. उकिडवं बसून बदकासारखं चालावं लागतं आणि वीस मीटरमध्ये मांड्या भरून येतात. मग माणूस घाबरून गुडघ्यांवर येतो आणि गुडघे सोलवटतात. त्यापेक्षा सुरुवातीपासून हातावर थोडा भार घ्या, म्हणजे मांड्या टिकतात. पाठीवर पिशवी नको, ती छताला घासून अडकते. गटात मधोमध राहू नका. पुढचा थांबला आणि मागचा ढकलत आला की तिथेच घुसमट होते. सर्वात पुढे, मार्गदर्शकाच्या मागे, किंवा अगदी शेवटी राहा. दमेकरी, गुडघ्याचं ऑपरेशन झालेले, बंद जागेची भीती असलेले यांनी वरच थांबावं. वरूनही पाहण्यासारखं पुष्कळ आहे. गडद रंगाची पँट, बंद बूट, डासांचं मलम, एक जादा सदरा. लाल माती पांढऱ्या कपड्यावरून जात नाही, हे कोकणातल्यांना सांगायला नको.

बेन दिन्हचा सर्वात मोठा दोष म्हणजे गोळीबाराची जागा. एके-४७ किंवा एम-१६ नं खऱ्या गोळ्या झाडायला मिळतात, किमान दहा गोळ्या घ्याव्या लागतात, आणि त्यांची किंमत प्रवेशतिकिटाच्या कितीतरी पट होते. हौस म्हणून कुणी केली तर तो त्याचा प्रश्न. पण त्या आवाजात आसपासच्या भागात मार्गदर्शकाचं बोलणं ऐकू येत नाही, लहान मुलं दचकतात, आणि जिथे हजारो माणसं गोळीनं मेली तिथे हा खेळ मनाला खटकतो. बेन डुओकलाही गोळीबाराची सोय आहे, पण आवार मोठं असल्यानं आवाजापासून दूर राहता येतं. बेन डुओकला आणखी एक चांगली गोष्ट आहे: 'मुक्त विभागा'चा मोठा देखावा. त्यात युद्धापूर्वीचं गाव, मग बॉम्बफेकीनंतरचं तेच गाव, असं क्रमानं चालत जाता येतं. गावातल्या गनिमांचा पहिला थर कळायला ही एकच जागा खरोखर मदत करते.

वेळ सकाळी ७ ते संध्याकाळी ५. सहलीच्या गाड्या नऊ-साडेनऊनंतर लोंढ्यानं येतात, म्हणून साडेसहाला शहर सोडलं तर पहिला तास शांत मिळतो. बेन दिन्हचं परदेशी प्रवाशांचं तिकीट अलीकडे सव्वा लाख डोंगच्या (इथलं चलन) आसपास, म्हणजे चारशे-साडेचारशे रुपये. बेन डुओकचं त्याहून कमी. दर बदलतात, खिडकीवरचा आकडा पाहूनच पैसे द्या, आणि नोटेवरची शून्यं नीट मोजा. चौघं असाल तर दिवसभरासाठी गाडी ठरवणं सर्वात सोयीचं. ड्रायव्हरला फोनवर नकाशातलं ठिकाण दाखवा. दक्षिणेत बेन डुओकचा उच्चार 'बेन यूक' असा होतो, 'डुओक' म्हटलं तर गोंधळ होतो. कमी खर्चात जायचं असेल तर शहरातल्या '२३/९' नावाच्या बागेजवळून १३ क्रमांकाची बस कू ची बस स्थानकापर्यंत, तिथून ७९ क्रमांकाची बस बेन डुओकच्या दारात. एका बाजूला अडीच तास धरा, आणि मार्ग अधूनमधून बदलतात म्हणून आदल्या रात्री हॉटेलात विचारून ठेवा. साइगॉन नदीतून स्पीडबोटीनं नेणाऱ्या सहली महाग आहेत. नदीकाठ छान दिसतो, पण भुयारांसाठीचा वेळ वाढत नाही. कू ची आणि ताय निन्हचं काव दाई या व्हिएतनामी पंथाचं मंदिर एकाच दिवसात कोंबणारी सहल टाळा. मंदिरातली प्रार्थना दुपारी बाराची असते आणि ती गाठण्याच्या घाईत भुयारांना तासभरच उरतो.

मे ते नोव्हेंबर पावसाळा. सर दुपारी येते, सकाळ बहुधा कोरडी जाते, आणि ओल्या दिवसांत मातीचा मऊपणा स्वतः पाहता येतो. जेवण शहरातून बांधून न्या किंवा परतताना घ्या. शाकाहारासाठी 'आन चाय' हे दोन शब्द पाठ करा. 'चाय' म्हणजे इथे शाकाहारी जेवण, चहा नव्हे. शहरातलं युद्ध अवशेष संग्रहालय आदल्या दिवशी पाहून घ्या. तिथली छायाचित्रं मनात असली की कू चीचे पुतळे नुसते पुतळे राहत नाहीत.

बेन डुओकला भुयारांहून आधी स्मृतिमंदिरात जा, आणि हा क्रम उलटा करू नका. भुयारातून मातीनं माखून, थकून, हसत बाहेर आलेला गट मंदिराला 'राहू दे' म्हणतो आणि गाडीत बसतो. १९९५ मध्ये उघडलेल्या या मंदिरात आतल्या भिंतींवर ४४ हजारांहून जास्त नावं कोरलेली आहेत, या मातीत दोन युद्धांत पडलेल्यांची. बूट बाहेर, टोपी हातात, आवाज खाली. उदबत्त्या तिथेच ठेवलेल्या असतात. सकाळी लवकर गेलात तर एखादं कुटुंब भिंतीशी उभं राहून बोटानं नाव शोधताना दिसेल. त्यांच्या आड येऊ नका आणि फोटो घेऊ नका. मागचा नऊ मजली मनोरा पाहून झाला की मग भुयारांच्या दाराकडे वळा, तोवर पहिली गाडी आलेली नसते.